मूकपटातला विनोद हँडलने केला नाही

‘मूकपटातल्या विनोदवीरांना अभिनय येत नव्हता. कॅमेरावाला हँडल हळू फिरवायचा, पडद्यावर माणसं तुरुतुरु पळायची, लोक हसायचे. बाकी सगळं ऐनवेळी सुचलेलं आणि खोटं.’ हा मेसेज महिनाभर फिरतोय. काल तो भाचीच्या नाट्यशिबिराच्या ग्रुपवर पोहोचला. अभिनय शिकायला बसलेल्या मुलांना हे वाचायला मिळावं?

आधी वेग. हँडलच्या एका फेऱ्यात आठ फ्रेम (म्हणजे सुटी चित्रं), सेकंदाला साधारण दोन फेरे, म्हणजे १६ फ्रेम. तेच रीळ बोलपटाच्या, सेकंदाला २४ फ्रेम दाखवणाऱ्या यंत्रावर चढवलं की सगळे दीडपट पळतात. यात नटाचा काय दोष? हं, पाठलाग-मारामारीला हँडल मुद्दाम हळू फिरवायचे, एवढं खरं. पण त्याने नटाचं काम अवघड होतं. १२ ने टिपलेलं २४ ने दाखवलं की सेकंदभराचा थांबा अर्ध्यावर येतो. टोपी उडाल्यावर नट नेहमीएवढाच थबकला, तर त्याचं चमकणं प्रेक्षकाच्या नजरेत भरायच्या आत संपतं आणि हशा जातो. म्हणून थांबा दुप्पट धरायचा, एका वेळी एकच हालचाल, तीही सुटी. हे मोजून करावं लागतं.

‘ऐनवेळी सुचलेलं’ म्हणणाऱ्यांनी ब्राउनलो आणि गिल यांचा १९८३ चा ‘अननोन चॅप्लिन’ हा माहितीपट बघावा. त्यात ‘द क्युअर’चे (१९१७) टाकून दिलेले शॉट आहेत, शॉटआधी धरलेल्या पाटीवरच्या नंबरांसकट, त्यामुळे कुठला आधी, कुठला नंतर ते कळतं. औषधी पाण्याच्या विहिरीचं आरोग्यधाम. सुरुवातीला चॅप्लिन तिथला नोकर आहे, चाकांच्या खुर्च्या ढकलतोय. खुर्च्यांची कोंडी होते, मग तो हवालदारासारखा रहदारी आवरतो. मजेशीर आहे, तरी त्याने ते सगळं फेकलं आणि स्वतः दारुडा पाहुणा झाला. सेट तोच, पण झिंगलेल्या माणसासमोर तीच विहीर धोक्याची झाली. पात्र असं शॉटमागून शॉट घेत सापडतं.

राहिलं ‘खोटं’. ‘स्टीमबोट बिल, ज्युनिअर’मध्ये (१९२८) बस्टर कीटन या विनोदवीरावर पडणारी घराची भिंत सुमारे दोन टनांची होती. खिडकी नेमकी त्याच्यावरून जावी म्हणून उभं राहायची जागा आखलेली, बाजूला फट काही इंचांची.

हॅरॉल्ड लॉइड हा विनोदवीर उंच इमारतीवर घड्याळाच्या काट्याला लटकतो, त्या प्रसंगाचं मात्र कबूल करावं लागतं. ‘सेफ्टी लास्ट’ची (१९२३) ती भिंत गच्चीवर उभारलेली होती, खाली गाद्यांचं मचाण होतं, लांबच्या शॉटमध्ये दुसरा माणूस चढला. पण जवळून काट्याला लटकलेला लॉइडच आहे. १९१९ च्या स्फोटात त्याच्या उजव्या हाताचा अंगठा आणि तर्जनी गेली होती, आणि त्या हातात नकली बोटांचा मोजा होता.