काळपट बर्फ म्हणजे घाण नव्हे

लेख आवडला, पण ‘गोमुखाजवळचा काळपट बर्फ म्हणजे प्रदूषण’ हे वाक्य पटलं नाही. गोमुख म्हणजे गंगोत्री हिमनदीचं खालचं टोक, तिचं मुख. हिमनदीच्या या खालच्या भागावर दिसते ती बाजूच्या कड्यांवरून पडलेली माती, खडी आणि धोंडे. काजळीही बसते, पण डोळ्यांना दिसतो तो मुख्यतः दगडचुरा.

खरी गंमत थराच्या जाडीत आहे. जेमतेम सेंटिमीटरभर गडद थर ऊन शोषतो आणि खालचा बर्फ उघड्या बर्फापेक्षा लवकर वितळतो. तोच थर हातभर झाला की गोधडीसारखा, उष्णता खालच्या बर्फापर्यंत पोचूच देत नाही! म्हणून मुख किती मीटर मागे सरलं एवढ्यावरून अशा हिमनदीची तब्येत कळत नाही; ती जागच्या जागी पातळ होत जाते, जाडीच मोजावी लागते. थर घसरून उघडे पडलेले बर्फाचे उभे कडे आणि त्यांच्या पायथ्याची डबकी, तिथे वितळणं सगळ्यात जोरात.

हिमनदीच्या बर्फाच्या निळ्या रंगाबद्दल थोडं. बर्फ दबत दबत घनमीटरला सुमारे ८३० किलोवर आला की कणांमधल्या हवेच्या वाटा बंद होतात. आणखी खोल गेल्यावर अडकलेले बुडबुडेही आक्रसतात. मग प्रकाश आतवर शिरतो, तांबडा भाग शोषला जातो, निळा उरतो. उन्हात मात्र वरचा पापुद्रा सच्छिद्र होऊन काही दिवसांत पांढरा पडतो. तेव्हा मुखाच्या भिंतीवर लख्ख निळा पट्टा दिसला तर समजा, तिथून नुकताच तुकडा कोसळलाय. लोक नेमके त्याच्याखाली फोटो काढायला जातात.