थांबलेल्या गाडीचं भाडं कोण देतो?

सांगलीच्या मार्केट यार्डाजवळ एका ट्रान्सपोर्टच्या ऑफिसात मी गेली १८ वर्षं बिल्ट्या (ट्रकनं जाणाऱ्या मालाच्या पावत्या) लिहितोय. त्यामुळे "ट्रक म्हणजे देशाच्या रक्तवाहिन्या" असलं भाषण कानावर पडलं की हसू येतं. रक्तवाहिनी म्हणायचं आणि गोडाऊनच्या दारात अडीच दिवस उभी करायची!

मागच्या आठवड्यातलीच गोष्ट. हळदीची एक दहाचाकी वाशीला पाठवली. मालकच ड्रायव्हर, गाडी एकच, हप्ता चालू. सांगली ते वाशी पावणेचारशे किलोमीटर. भरलेली गाडी लिटरला चारच्या आसपास देते, म्हणजे नुसतं जायलाच साडेआठ हजारांचं डिझेल. पेठ नाक्यावरून हायवेला लागलं की तासवडे, आनेवाडी असे टोल सुरू. टायरची झीज तर कुणी हिशेबातच धरत नाही. एवढं करून गडी शनिवारी पहाटे वाशीत हजर. तिथलं उत्तर: "आज जागा नाही." दुसऱ्या दिवशी रविवार. पोती उतरली सोमवारी दुपारी. परतीचं ठरलेलं भाडं तोवर दुसऱ्यानं उचललं होतं.

हॉल्टिंग, म्हणजे गाडी थांबवल्याचं भाडं, काही बिल्ट्यांवर छापलेलं असतं, मागच्या बाजूला, बारीक अक्षरात. पण ते मागणाऱ्याला पार्टी पुढच्या वेळी बोलावत नाही. मागत का नाहीस, असं मीही आता कुणाला विचारत नाही.

मिरजेच्या मालधक्क्यावर काय होतं बघा. रेल्वेची वाघीण ठरलेल्या वेळेत खाली केली नाही तर डेमरेज, म्हणजे उशिराचा दंड, लागतं, तेही तासावर. म्हणून तिथं व्यापारी रात्रीतसुद्धा हमाल गोळा करतो. तोच माणूस ट्रकला "उद्या बघू" म्हणतो, कारण ट्रक थांबवायला त्याला एक रुपया लागत नाही. सरकारचं चाक थांबलं की दंड, गरिबाचं थांबलं की फुकट. माझं सगळं म्हणणं एवढंच आहे, बाकीचं पुरवणी समजा.

आणि हे दुखणं छोटं नाही, कारण देशातला साधारण ७० टक्के माल रस्त्यानं जातो. आपली राजापुरी हळद, तासगावचा बेदाणा, साखरेची पोती, सगळं. आणि हा माल ओढणाऱ्या बहुतेक गाड्या मोठ्या कंपन्यांच्या नाहीत, एक-दोन-चार गाड्यांच्या मालकांच्या आहेत. मोटार वाहतूक कामगारांसाठी १९६१ चा कायदा होता, दिवसाला आठ तास काम सांगणारा; २०२५ मध्ये तो नव्या कामगार संहितेत गेला. पण तो लागू व्हायचा पाच किंवा जास्त कामगार असतील तिथं. आमच्या गड्याकडं कामगार म्हणजे तो स्वतः आणि एक किन्नर, म्हणजे क्लीनर.

वर वाराईचा, म्हणजे माल चढवण्या-उतरवण्याच्या हमालीचा, प्रश्न आहेच. माल व्यापाऱ्याचा, हमाल त्यानं लावलेला, पैसे मात्र गाडीवाल्याच्या खिशातून. "ज्याचा माल त्याचा हमाल" ही घोषणा वाहतूकदार कधीपासून देतायत. हमालाशी भांडण नाही हो, त्याचीही पाठ मोडतेच. भांडण आहे ते त्याची मजुरी कुणी द्यायची यावर.

सरकारनं काहीच केलं नाही असं मी म्हणणार नाही. जकात गेली, तिच्या जागी आलेला एलबीटी (स्थानिक संस्था कर) गेला, १ जुलै २०१७ ला जीएसटी आला आणि राज्यांच्या सीमेवरचे करनाके उठले. कागदांची चळत घेऊन रांगेत बसणं संपलं. (आरटीओच्या नाक्यांबद्दल इथं लिहीत नाही, मला नोकरी करायची आहे.) पण रस्त्यात वाचलेले ते तास गोडाऊनच्या दारानं गिळले. ऑक्टोबर २०२५ पासून बनणाऱ्या नव्या ट्रकांना एसी केबिन सक्तीची केलीय. चांगलं आहे. पण इंजिन बंद करून गाडी गेटबाहेर लावली की एसीही बंद, आणि गड्याचा अर्धा जन्म तिथंच जातो.

गाडी थांबली की काय होतं ते आपण सांगलीकरांनी २०१९ च्या ऑगस्टात बघितलंय. आयर्विन पुलाजवळ कृष्णा ५७ फुटांवर गेली, तिकडं शिरोलीत हायवे पाण्याखाली, आणि हजारो ट्रक आठवडाभर जागेवर. इकडचं दूध जाईना म्हणून मुंबईत ओरड सुरू झाली. त्या दिवसांत ट्रकवाल्यांना जेवण देणाऱ्या गावांचे फोटो आले, अभिमान वाटला. पण उभ्या गाड्यांचे हप्ते बँकेनं कापले का, हे कुणी विचारलं नाही. जानेवारी २०२४ मध्ये हिट अँड रनच्या नव्या कलमावरून ड्रायव्हर संपावर गेले, तेव्हाही आपल्याला चिंता होती ती पंपावरच्या रांगेची. मीही बाटली घेऊन रांगेत होतोच.

तर सोमवारी दुपारी त्याचा फोन आला, "दादा, गाडी खाली झाली. आता हितनं काय भरू?" मी तीन ठिकाणी फोन केले. शेवटी तळोज्यातून कुपवाड एमआयडीसीचा एक लोड मिळाला, भाडं डिझेलपुरतं.

"किती वाजता भरत्यात?"

"सकाळी लावून ठेव म्हणालेत."

तिकडून नुसतं हसल्याचा आवाज आला.