हेबियस टाकली म्हणून पोरगी घरी येत नसते

कोल्हापुरातल्या तालमीच्या आणि भावकीच्या ग्रुपांवर सध्या एक मेसेज फिरतोय. मुलगी पळून गेली तर घाबरू नका, मुंबई हायकोर्टाचं सर्किट बेंच आता आपल्याच गावात आहे. हेबियस कॉर्पस (अडकवलेल्या माणसाला कोर्टापुढं आणायला लावणारी याचिका) टाका, पोलिसांना चोवीस तासांत मुलगी आई-बापाच्या ताब्यात द्यावी लागते, आणि मुलगा २१ चा नसेल तर लग्नच रद्द होतं. असा एकूण मजकूर.

यातलं बेंचचं तेवढं खरं. १८ ऑगस्ट २०२५ पासून आपल्यासह सहा जिल्ह्यांची मुंबईची फेरी वाचली. कायदा मात्र तोच आहे.

चोवीस तासांचा नियम अटक केलेल्या माणसाला मॅजिस्ट्रेटपुढे नेण्याचा. मेसेजवाल्यानं तो इथं आणून चिकटवलाय.

आता मुख्य मुद्दा, 'ताब्यात देण्या'चा. या याचिकेत कोर्ट एकच गोष्ट बघतं: या माणसाला कुणी मनाविरुद्ध अडकवून ठेवलंय का? मुलगी अठरा पूर्ण असेल तर उत्तर तिनंच द्यायचं. बऱ्याचदा न्यायमूर्ती तिला चेंबरमध्ये बोलावतात, आई-वडील आणि नवरा बाहेर थांबतात. कुणाचा दबाव आहे का, कुठं जायचंय, एवढं विचारतात. ती नवऱ्याकडं म्हणाली तर नवऱ्याकडं, हॉस्टेलवर म्हणाली तर हॉस्टेलवर. बाप बाहेर बाकावर रडत असला तरी. वाईट वाटतं, पण सज्ञान माणसाचा ताबा नावाची चीजच कायद्यात नाही.

केरळच्या हादियाचं, मर्जीनं लग्न केलेल्या सज्ञान तरुणीचं, प्रकरण आठवा. वडिलांच्या हेबियसवर तिथल्या हायकोर्टानं २०१७ मध्ये तिचं लग्न रद्द ठरवून तिला माहेरी धाडलं. सुप्रीम कोर्टानं मार्च २०१८ मध्ये तो निकाल फिरवला. हेबियसमध्ये लग्न मोडायचा अधिकारच नव्हता, असं सांगून.

२१ चं म्हणाल तर २०१८ चाच नंदकुमार खटला बघा. मुलगा २१ च्या आतला होता. सुप्रीम कोर्ट म्हणालं, हिंदू विवाह कायद्यात एवढ्यानं लग्न शून्य, म्हणजे मुळातच रद्द, ठरत नाही. आणि लग्न नसलं तरी दोन सज्ञान माणसं एकत्र राहू शकतात. मुलगी अठराच्या आतली असेल तर गोष्ट वेगळी, तिथं कोर्ट तिचं हित बघतं.

मेसेज एक गोष्ट सोयीनं गाळतो. मोबाइल काढून घेऊन पोरीला माडीवर कोंडलं, तर हीच हेबियस आई-बापावर येते. नवरा टाकू शकतो, मैत्रीणही टाकू शकते. हायकोर्टापर्यंत जायलाच पाहिजे असंही नाही. नागरिक सुरक्षा संहितेच्या (म्हणजे फौजदारी प्रक्रियेच्या कायद्याच्या) कलम १०० खाली मॅजिस्ट्रेट झडतीचं वॉरंट काढून कोंडलेल्या माणसाला सोडवू शकतो.

पोरीला खरंच कुणी डांबलंय अशी शंका असेल तर याचिका जरूर टाका. पण तीत मुलाची जात आणि पगार लिहून काही होत नाही. शेवटचा फोन कधी आला, ती काय बोलली, मधेच कुणी फोन हिसकावला का, ते वकिलाला सांगा.