एसटी वर गेलीय

तीन वर्षांपूर्वी पहाटे साडेतीनला आण्णांच्या छातीत कळ आली. शेजारच्या पोरानं गाडी काढली आणि आईनं त्यांना गावाकडून थेट मिरजेला नेलं. मी तासगावात, माझ्या घरी. फोन आला तशी अंगावरच्या कपड्यांनिशी निघाले. मी पोचायच्या आत दवाखान्यात जे घडलं ते आईनं नंतर सांगितलं, आणि अजूनही सांगताना तिचा आवाज कापतो.

आण्णांचा ईसीजी काढला होता. डॉक्टर तरुण, रात्रभर जागलेला. कागद बघून तो सिस्टरला म्हणाला, "एसटी वर गेलीय." मग आईकडं वळला, "मावशी, एसटी वर गेलीय. लगेच थ्रोम्बोलाइज करायला लागेल. इथं सही करा."

आई म्हणाली, "न्हाय ओ डॉक्टर, आता एसटीवर जात न्हाईत. रिटायर होऊन सात वर्सं झाली."

आण्णा एसटीत कंडक्टर होते. छत्तीस वर्षं. आमच्या घरात 'एसटीवर गेलेत' या शब्दांचा एकच अर्थ होता, आण्णा ड्युटीवर गेलेत. आईनं आयुष्यभर दाराशी आलेल्या माणसाला हेच उत्तर दिलंय. त्या रात्रीही तिला वाटलं, डॉक्टर नोकरीचं विचारतायत, म्हणजे कागद एसटीकडून मिळणाऱ्या बिलाचा असणार. डॉक्टरनं तेच वाक्य परत एकदा, जरा मोठ्यानं सांगितलं. आई म्हणाली, पोरगी निघालीय, ती आली की सही करते. न समजता कुठल्या कागदावर सही करायची नाही, हे तिला आण्णांनीच शिकवलेलं.

यात वीस मिनिटं गेली.

मग एक वयस्कर सिस्टर आईजवळ बसली आणि म्हणाली, "आक्का, हृदयाला रक्त नेणारी नळी बंद पडलीय. आत रक्ताची गुठळी झालीय. ती विरघळवायचं इंजेक्शन द्यायचंय. त्यात रक्तस्राव व्हायची थोडी भीती असते, म्हणून तुमची सही लागते." आईनं तिच्या हातातलं पेन घेतलं आणि सही केली. सगळं सांगायला त्या बाईला अर्धं मिनिटसुद्धा लागलं नसेल.

आण्णा आज बरे आहेत, सकाळी मळ्यापर्यंत चालत जातात. मला त्या डॉक्टरवर राग काढायचा नाही. त्यानं काही चुकीचं सांगितलं नव्हतं, आईनंही काही चुकीचं ऐकलं नव्हतं. म्हणूनच ही गोष्ट माझ्या डोक्यातून जात नाही. आईला 'एसटी' हा शब्द कळलाच नसता, तर तिनं विचारलं असतं, "म्हंजे काय ओ?" न कळलेला शब्द माणूस विचारतो. कळला असं वाटलेला शब्द कोण विचारतं?

पुढं तपासणीला गेलो तेव्हा मी दुसऱ्या डॉक्टरांना विचारलं की ही एसटी म्हणजे नक्की काय. त्यांनी पेन घेऊन ईसीजीच्या कागदावरच दाखवलं. त्या कागदावर बारीक चौकोन असतात, एक मिलिमीटरचे. कागद सेकंदाला २५ मिलिमीटर सरकतो आणि हृदयातल्या विजेची रेघ त्यावर उमटते. आधी एक छोटा उंचवटा, मग एकदम उंच टोक, मग खाली येऊन जराशी सपाट रेघ आणि पुन्हा एक गोलसर उंचवटा. नेदरलँड्सच्या विलेम आइंटहोवेन यांनी १८९५ मध्ये या चढउतारांना पी, क्यू, आर, एस, टी अशी नावं दिली. त्यांना पुढं १९२४ चं नोबेल मिळालं. यातल्या 'एस' आणि 'टी'च्या मधली जी सपाट रेघ, ती एसटी. हृदयाचे खालचे कप्पे त्या क्षणाला सगळीकडून सारखेच चेतवलेले असतात, म्हणून ती सपाट. रक्ताची नळी बंद पडली की दुखावलेला स्नायू बाकीच्यांशी जुळत नाही आणि ती रेघ वर उचलली जाते. आण्णांच्या कागदावर ती तीन चौकोन वर होती. मी मोजले.

आणि एक गोष्ट तेव्हा समजली. या एसटीत 'एस' म्हणजे काही नाही आणि 'टी' म्हणजेही काही नाही. ती कुठल्या शब्दांची आद्याक्षरं नाहीतच. शेतात मोजणीवाला ओळीनं खुणा करत जातो तशा त्या खुणा आहेत. म्हणजे आईनं "एसटीचा फुल फॉर्म काय?" असं विचारलं असतं, तरी तिच्या पदरात काही पडलं नसतं.

आण्णांची एसटी वेगळी. १ जून १९४८ ला पुणे ते नगर पहिली गाडी धावली, तेव्हापासून ती 'स्टेट ट्रान्सपोर्ट'. महामंडळाचं खरं नाव महाराष्ट्र राज्य मार्ग परिवहन महामंडळ. आण्णांच्या ऑफिसच्या कागदांवर 'रा. प.' असायचं. पण 'रा. प. आली' असं कुणी म्हणतं का? लोकांनी इंग्रजीतली दोन अक्षरं उचलली, त्यांना बाई केलं आणि आपल्यात घेतलं. एसटी आली, एसटी चुकली, एसटी फुल होती. माझ्या आईला ते इंग्रजी आहे हे सांगितलं तर पटायचं नाही. इतकं घरचं झालेलं अक्षर दुसऱ्या अर्थानं कानावर आलं की कान आपोआप घरचाच अर्थ लावतो.

हे मला त्या रात्रीच्या खूप आधी समजायला हवं होतं. कारण माझ्याच बाबतीत ते एकदा घडलंय.

मी आठवीत होते. शाळेचे क्लार्क वर्गात रजिस्टर घेऊन आले आणि दारातूनच म्हणाले, "एसटीवाल्यांनी हात वर करा." वर्गातली निम्मी पोरं आजूबाजूच्या गावांतून एसटीनं यायची. त्यांनी हात वर केले. मीही केला, आणि मी तर सगळ्यांत उंच केला, कारण माझे आण्णा एसटीत होते. क्लार्क वैतागले. "गाडीनं येणारे नव्हे, एसटी!" म्हणाले. मग गाडीवाल्यांचे हात खाली आले. माझा वरच राहिला. मी काही गाडीनं येणारी नव्हते, मी एसटीतल्या माणसाची मुलगी होते. त्यांनी माझं नाव लिहून घेतलं.

ती यादी अनुसूचित जमातीच्या, म्हणजे इंग्रजीत 'शेड्यूल्ड ट्राइब'च्या, मुलांच्या शिष्यवृत्तीची होती. दोन महिन्यांनी गोष्ट उघडकीला आली. आण्णांना शाळेत बोलावलं. ते ड्युटीवरून तसेच आले, खाकी कपड्यांत, खांद्याला पैशांची चामडी बॅग. ऑफिसात चारचौघांसमोर त्यांना ऐकवलं गेलं की सरकारी पैशांसाठी मुलीची जात खोटी सांगता का. ज्या माणसानं कधी कुणाचे सुट्टे पैसे ठेवून घेतले नाहीत त्यानं मान खाली घालून माफीच्या कागदावर सही केली. मला घरी ते एक शब्दही बोलले नाहीत. बोलले असते तर बरं झालं असतं.

पण मला जास्त लागलेली गोष्ट वेगळीच आहे. आमच्या वर्गात शेवटच्या बाकावर पारधी समाजाची एक मुलगी होती. ती यादी खरं तर तिच्यासाठी होती. तिनं हात वर केला नव्हता. ती माळावरच्या वस्तीतून चालत यायची. एसटीनं यायची नाही, मग ती कशाला हात वर करेल? त्या वर्षी तिला शिष्यवृत्ती मिळाली नाही. नववीत ती शाळेत दिसली नाही. शिष्यवृत्ती नव्हती म्हणूनच शाळा सुटली असं मी म्हणणार नाही, त्या घरांतल्या अडचणी एका यादीपुरत्या नसतात. पण सरकारनं तिच्यासाठी ठेवलेली दोन अक्षरं तिच्यासमोर उच्चारली गेली आणि ती आपल्यासाठी आहेत हे तिला समजलं नाही.

आता गेली अकरा वर्षं मी तासगावात सेवा केंद्र चालवते. दाखले, पास, ऑनलाइन फॉर्म. रोज कुणीतरी येऊन म्हणतं, "ताई, एसटीचा फॉर्म द्या." आजोबा असतील तर त्यांना प्रवासाच्या सवलतीचं कार्ड हवं असतं. मुलीची आई असेल तर पास. क्वचित एखाद्याला जातीचा दाखला हवा असतो, आणि नेमका तोच माणूस दबक्या आवाजात बोलतो, दुकानात गर्दी असली तर मागं उभा राहतो. त्याला मी "कसली एसटी?" असं सगळ्यांसमोर विचारणं म्हणजे त्याला जात विचारणं. म्हणून आता मी सगळ्यांनाच एकच प्रश्न विचारते, "कुठल्या कामासाठी पाहिजे?" तेवढ्यानं भागतं.

कुणी म्हणेल, इंग्रजी सोडा, मराठी वापरा. मी बारा महिने मराठी फॉर्म भरते. त्यांत 'अ. जा.' आणि 'अ. ज.' असं छापलेलं असतं. अनुसूचित जाती आणि अनुसूचित जमाती. मधे फक्त एक काना! आमच्या शेजारचा मिरज विधानसभा मतदारसंघ 'अजा' आहे. तो काना छपाईत पुसट झाला की माणसाचा प्रवर्गच बदलतो. आणि प्रवर्ग बदलला की पुरावा बदलतो. अनुसूचित जातीला १० ऑगस्ट १९५० पूर्वीचा वास्तव्याचा पुरावा लागतो, जमातीला ६ सप्टेंबर १९५० पूर्वीचा. आठ ठिकाणी हिंडून कागद गोळा करणाऱ्या माणसाला चुकीची तारीख सांगितली तर त्याच्या किती चकरा होतात, ते मी काउंटरच्या या बाजूनं बघते. आटपाडी, जतकडच्या माणसाला तर एका अक्षराचं वजन सांगायलाच नको. जमातीच्या यादीत 'ओरांव, धनगड' लिहिलंय, आणि त्यातला 'ड' की 'र', म्हणजे धनगड की धनगर, यावर वर्षानुवर्षं मोर्चे, उपोषणं, कोर्टकचेऱ्या चालल्यात.

सासऱ्यांच्या जुन्या बेदाण्याच्या बिलांवर 'बी. एस. टी. नं.' आणि 'सी. एस. टी. नं.' असायचं. तो विक्रीकर. त्यातली बी. एस. टी. २००५ ला व्हॅट आल्यावर मागं पडली आणि २०१७ पासून जीएसटीच्या शेपटीला दुसरीच एसटी लागली. पण तिथं कुणाचं नुकसान झालेलं मला माहीत नाही. व्यापारी आणि अकाउंटंट दोघं एकाच धंद्यातले, एकमेकांचं बरोबर समजतं.

म्हणजे लघुरूपं वाईट असं माझं म्हणणं नाही. सासरे "डीपी जळाला" म्हणतात तेव्हा विजेचा ट्रान्सफॉर्मर जळालेला असतो आणि त्यांना विहिरीवरची मोटर बंद पडल्याचं दुःख असतं. माझी मुलगी "डीपी बदलला" म्हणते तेव्हा तिनं मोबाइलवरचा फोटो बदललेला असतो. दोघं एकाच ताटाशी बसून बोलतात, घोटाळा होत नाही. ट्रान्सफॉर्मरला 'रोहित्र' हा पूर्ण मराठी शब्द वापरला तर उलट दोघंही विचारतील. घोटाळा होतो तो वेगळ्या ठिकाणी. एक माणूस आतला आणि दुसरा बाहेरचा. एक घाईत आणि दुसरा घाबरलेला. टेबलाच्या पलीकडून तेच वाक्य मोठ्यानं आलं तरी अलीकडच्याला त्याचा उपयोग नसतो.

आणि जाणकारसुद्धा फसतात बरं. अमेरिकेत दवाखान्यांना मान्यता देणाऱ्या जॉइंट कमिशननं २००४ मध्ये डॉक्टर-नर्सनी वापरूच नयेत अशा लघुरूपांची यादी काढली. युनिटसाठी नुसतं 'यू' लिहायचं नाही, कारण हातानं लिहिलेला 'यू' शून्यासारखा दिसतो आणि इन्सुलिनचे १० युनिट १०० वाचले जाऊ शकतात. 'एमएस' लिहायचं नाही, कारण ते मॉर्फिन सल्फेटही होतं आणि मॅग्नेशियम सल्फेटही. एकाच खोलीत, एकच शिक्षण घेतलेल्या माणसांत ही गत, तर माझ्या आईचं काय घेऊन बसलात?

पूर्ण शब्द म्हणजे जड शब्द, असंही नाही. 'थ्रोम्बोलाइज' हा पूर्णच शब्द होता. 'अनुसूचित जमाती' हाही पूर्णच आहे, पण आठवीतल्या पोरांना तो सांगून उपयोग नव्हता. क्लार्कनी "आदिवासी, पारधी समाजातलं कोण आहे का, मला ऑफिसात येऊन भेटा" एवढं म्हटलं असतं तर यादी बरोबर झाली असती. वर्गात हात वर करायला लावणंही टळलं असतं.

दहावी-बारावीचे निकाल लागले की आमच्याकडं प्रवेशाच्या फॉर्मची गर्दी सुरू होते. या वेळी मी एक कागद टाइप करून भिंतीला लावलाय. फॉर्मवर येणारी लघुरूपं डावीकडं, त्यांचा सरळ मराठीत अर्थ उजवीकडं, आणि त्याला कुठले कागद लागतात ते खाली. अक्षर मोठं ठेवलंय, चष्मा विसरलेल्यालाही वाचता येईल एवढं. तासगाव, विटा, कवठेमहांकाळ, कुठल्याही केंद्रवाल्याला हवा असेल तर मेसेज करा, फाइल पाठवते. दवाखान्यात काम करणाऱ्यांपैकी कुणी ईसीजीसाठी असाच एक कागद करणार असेल, तर त्यातल्या मराठीला मी मदत करीन. त्या सिस्टरनं आईला सांगितलेली वाक्यं मी तेव्हाच वहीत लिहून ठेवलीत.