ऑल्ट धरून झेड दाबला आणि सगळं संपलं

काल रात्री पावणेबारा वाजता पब्जीच्या डावात शंभर खेळाडूंतले सात उरले होते आणि त्या सातांत आम्ही तिघे होतो. मी दगडाआड. मागून पावलं वाजली म्हणून ऑल्ट धरून मान मागं फिरवली, गवतात एकजण सरकताना दिसला, आणि ऑल्टवरचं बोट न उचलता आडवं पडायला झेड दाबला. पीसीवर पब्जी खेळणाऱ्याला हे सांगायला नको. ऑल्टने मान फिरते, झेडने माणूस जमिनीला चिकटतो. माझा चिकटला नाही. अख्खा स्क्रीन काळवंडला, ग्राफिक्स कार्डाच्या सॉफ्टवेअरची पट्टी बाजूनं सरकत आत आली, माऊसचा बाण मोकळा सुटला. रेकॉर्डिंग सुरू करायचं का, फिल्टर लावायचा का, नवीन काय आलंय ते बघायचं का? आणि त्या पट्टीच्या मागं गोळ्यांचा आवाज. एस्केप दाबून ती घालवेपर्यंत माझा खेळ आटोपला होता.

"एन माडाकत्ती पा!" बसू हेडफोनमध्ये ओरडला. तो चिक्कोडीचा, चिडला की कन्नडवर येतो. खानापूरचा सुन्या काहीच बोलला नाही, ते जास्त लागलं. आम्हाला आठवड्यातनं एक शनिवार मिळतो. मी बेळगावच्या उद्यमबागेत सीएनसी मशीनवर, बसूचं दुकान रात्री दहाशिवाय बंद होत नाही, सुन्या पहाटे पाचला दुधाच्या गाडीवर. सगळ्यांची जेवणं उरकून, घरच्यांची बोलणी खाऊन बसायचं, आणि त्यात लाईट राहिली आणि नेट चाललं तर खेळायचं. काल सगळं जुळून आलं होतं. पाऊस असून लाईट गेली नाही. घात केला तो माझ्याच पैशानं आणलेल्या कार्डाच्या सॉफ्टवेअरनं.

ऑल्ट-झेड! ही जोडी निवडणारा माणूस आयुष्यात कधी गेम खेळलाय काय? कार्डं बनवणाऱ्या दोन कंपन्या. एनव्हिडियाचा ओव्हरले, म्हणजे गेमच्या वर येणारी ही पट्टी, ऑल्ट-झेडने उघडतो. एएमडीची बाजूची पट्टीही ऑल्ट-झेडनेच. माझं कार्ड यातल्या कुणाचं ते सांगत बसत नाही, दोघे एकाच माळेचे मणी. कीबोर्डवर शंभरेक बटणं आहेत. डावा हात डब्ल्यू-ए-एस-डीवर ठेवला की अंगठ्याखाली ऑल्ट येतं आणि करंगळीच्या खाली झेड. नेमकी तीच दोन बटणं. खेळणाऱ्यांसाठी म्हणून बनवलेलं सॉफ्टवेअर खेळणाऱ्याच्या बोटाखालचीच बटणं पळवतं.

शॉर्टकट बदलून घे की, असं म्हणाल. बदलला होता! मागच्या वर्षी असंच एकदा झालं तेव्हा कंट्रोल-शिफ्ट-एफ१२ करून ठेवला होता, चुकूनही दाबला जाणार नाही असा. गेल्या मंगळवारी अपडेट आलं. सातआठशे एमबीचं. ते घातल्यावर स्क्रीन दोनदा काळा होऊन परत आला, "तुमचा ड्रायव्हर अद्ययावत आहे" असा हिरवा टिक दिसला, आणि त्या टिकच्या मागं माझी सगळी सेटिंगं पुसली गेली. शॉर्टकट मूळपदावर. बंद केलेलं डेस्कटॉपचं रेकॉर्डिंग चालू. मला विचारलं नाही, सांगितलंही नाही. मी शनिवारी रात्री पावणेबाराला शोधून काढायचं.

मला नेमकं काय पाहिजे ते आता सांगतो, कारण यात अवघड काहीच नाही. मला ओव्हरले सगळीकडे बंद नको. शर्यतीच्या गेममध्ये मला तो लागतो. मागच्या पाच मिनिटांचं रेकॉर्डिंग सतत धरून ठेवायची सोय त्यात आहे, एखादं वळण झकास बसलं की एक बटण दाबून क्लिप ठेवता येते, ते मला मनापासून आवडतं. पब्जीत मात्र तो नको. आणि एक जुना क्रिकेटचा गेम आहे, कॉलेजच्या दिवसांतला, त्यात तर अजिबात नको, कारण ओव्हरले चालू असला की तो गेम टॉसपर्यंत येतो आणि बंद पडतो. एका गेमला हो, दोन गेमना नको. एवढंच.

हे त्या सॉफ्टवेअरला करता येत नाही. म्हणजे जमत नाही असं नाही, ठेवलेलंच नाही. ओव्हरलेला एकच बटण, सगळ्या गेमना मिळून. आणि चीड कशाची येते, तर त्याच सॉफ्टवेअरमध्ये माझ्या सगळ्या गेमची यादी आहे! न विचारता डिस्क धुंडाळून त्यानंच ती केलीय. यादीतल्या प्रत्येक गेमचं वेगळं पान आहे. त्या पानावर व्ही-सिंक गेमगणिक बंद करता येतं, फ्रेमची कमाल मर्यादा गेमगणिक ठरवता येते, टेक्स्चर फिल्टरिंग, अँटी-अलायझिंग, वीज किती खायची ते, सगळं गेमगणिक. पंधरा-वीस बटणं आहेत. सोळावं नाहीतर एकविसावं बटण "या गेममध्ये ओव्हरले नको" असं द्यायला काय जड होतं?

काहीजण म्हणतात, एवढ्याशा पट्टीचं काय घेऊन बसलाय. पट्टी एवढीशी नाही हो. ओव्हरले चालू असला की त्याची फाईल गेमच्या पोटात जाऊन बसते. गेम प्रत्येक फ्रेम, म्हणजे पडद्यावरचं एकेक चित्र, तयार करून "दाखव" म्हणतो, तेव्हा हा मध्ये हात घालतो, आपलं काही काढायचं असेल तर वरनं काढतो आणि मग फ्रेम पुढं जाऊ देतो. सेकंदाला साठ फ्रेम असल्या की एका फ्रेमच्या वाट्याला साडेसोळा मिलिसेकंद येतात. १४४ हर्ट्झच्या स्क्रीनवर सातसुद्धा येत नाहीत. त्या सातांत गेमनं काय करायचं आणि यांनी किती घ्यायचे?

२०२४ च्या डिसेंबरात हे चव्हाट्यावर आलं होतं की. एनव्हिडियाचं नवं ॲप नोव्हेंबरात अधिकृतपणे आलं, आणि महिन्याभरात चाचण्यांत दिसलं की त्यातले गेम फिल्टर नुसते चालू असले, एकही फिल्टर लावला नसला, तरी काही गेममध्ये फ्रेम १५ टक्क्यांपर्यंत पडतात. कंपनीनंच मग सांगितलं, सेटिंगमध्ये जाऊन ते बंद करा आणि गेम परत सुरू करा. त्याच्या आदल्या वर्षी, २०२३ च्या ऑक्टोबरात, एएमडीचं अँटी-लॅग प्लस, बटण दाबल्यापासून पडद्यावर दिसेपर्यंतचा उशीर कमी करणारी सोय. ते काउंटर-स्ट्राइक २ या गेमच्या इंजिनच्या फाईलमधली (डीएलएल) फंक्शनं परस्पर वळवून घेत होतं. तो गेम बनवणाऱ्या वॉल्व्हच्या चीट पकडणाऱ्या यंत्रणेला ती चोरीच वाटणार, आणि प्रामाणिकपणे खेळणारी माणसं बॅन झाली. वॉल्व्हला उघड सांगावं लागलं, काउंटर-स्ट्राइक खेळता तर हे चालू करू नका, आणि एएमडीनं ते मागं घेतलं. कार्डाच्या सॉफ्टवेअरमधलं एक बटण चालू ठेवलं म्हणून खेळाडूचं खातं जातं! कुठल्या गेममध्ये काय चालू राहील हे ज्याचा पीसी त्यानं ठरवायचं असतं, ते यासाठी.

आणि ते रेकॉर्डिंग. सेकंदाला ५० मेगाबिटला लावलेलं असलं की मिनिटाला पावणेचारशे एमबी, पाच मिनिटांचे जवळजवळ दोन जीबी सतत डिस्कवर लिहिले जातात. गेम बंद केला तरी डेस्कटॉप टिपायचं तेही अपडेटनं चालू करून ठेवलेलं. मी घरी कधीकधी गिऱ्हाईकाची ड्रॉइंगं बघतो. एका पंप हाऊसिंगचं ड्रॉइंग, त्याच्या कोपऱ्यात कंपनीचं नाव आणि बाहेर दाखवू नये असा शिक्का. बुधवारी रात्री त्या ड्रॉइंगवर मापं तपासताना चुकून शॉर्टकट दाबला गेला असणार, कारण आज डी ड्राइव्हवर गेमच्या क्लिपांच्या फोल्डरमध्ये मला त्या ड्रॉइंगचा व्हिडिओ सापडला. माझा बाण एका बोअरच्या व्यासावर थांबलेला, दोन मिनिटं, स्वच्छ दिसतोय. तो बघून हातपाय गार पडले. त्याच फोल्डरमधनं मी बसूला क्लिपा पाठवतो.

सेटिंगं शोधायची म्हणजे आणखी एक ताप. दर थोड्या वर्षांनी हे लोक सॉफ्टवेअरचं नावच बदलतात, रंग बदलतात, आणि काल जे डावीकडे होतं ते आज तीन पडद्यांच्या आत. आमच्या गावाचंही नाव १ नोव्हेंबर २०१४ ला कागदावर बेळगावचं बेळगावी झालं. तो विषय वेगळा, त्याचं दुखणं वेगळं. पण नाव बदललं म्हणून गणपत गल्ली उठून टिळकवाडीत गेली नाही. खडेबाजार होता तिथंच आहे, डोळे झाकून जाता येतं. या सॉफ्टवेअरवाल्यांनी पाटी बदलली ती बदलली, सगळ्या गल्ल्याही हलवल्या.

मी काल रात्री दोनपर्यंत काय काय केलं ऐका. आधी जुनी बॅच फाईल काढली. नोटपॅडमध्ये लिहिलेल्या दोन ओळी आहेत, पहिली ओव्हरलेची प्रोसेस मारते, दुसरी गेम सुरू करते. गेमच्या आयकॉनऐवजी त्या फाईलवर डबल क्लिक करायचं. वर्षभर तिच्यावर निभावलं होतं. काल काळी चौकट उघडली, "अशी प्रोसेस सापडत नाही", आणि मिटली. अपडेटमध्ये प्रोसेसचं नाव बदललं होतं. टास्क मॅनेजर उघडून नवं नाव शोधलं, फाईलमध्ये घातलं, परत चालवली. मेली! गेम सुरू होईस्तोवर परत जिवंत. मागं एक सर्व्हिस बसलीय, ती हिला परत उठवते. सर्व्हिस बंद केली तर कार्डाचं अख्खं सॉफ्टवेअर उघडेना. शेवटी ड्रायव्हर पुसायचं साधन घेऊन सेफ मोडमध्ये सगळं साफ केलं, कस्टम इन्स्टॉल निवडून परत घातलं, आणि घातल्या घातल्या पडद्यावर पट्टी आली: ओव्हरले उघडायला ऑल्ट-झेड दाबा.

आई पाणी प्यायला उठली होती. "अजून हाईस काय? झोप की रे आता." तिला काय सांगणार?

हे एकट्या कार्डाचं नाही. मदरबोर्डचं वेगळं सॉफ्टवेअर, ते पंखे फिरवतं आणि दर सोमवारी अपडेट मागतं. माऊसच्या दोन बटणांसाठी तीनशे एमबी. कीबोर्डचे दिवे लाल करायला खातं उघडा, ईमेल द्या, ओटीपी घाला. हजार रुपयांचा हेडफोन, त्याचंही ॲप, आणि ते बंद केलं की आवाज एकाच कानात. प्रत्येकाला पीसी सुरू होताना आधी उठायचं असतं. घड्याळाशेजारच्या त्या बाणावर क्लिक केलं की अकरा चित्रं दिसतात, त्यातली नऊ मी मागितलेली नाहीत. आणि सगळ्यांची भाषा एकच, "तुमचा अनुभव अधिक चांगला करत आहोत". माझा अनुभव चांगला होता! मी स्वतः बसून, एकेक बटण बंद करून तो चांगला केला होता.

"सेटिंग आपोआप उत्तम करा" याचा राग तर वेगळाच. शर्यतीच्या गेममध्ये मी आठवडाभर खपून सावल्या कमी, रस्त्याचं टेक्स्चर जास्त, आरसे मध्यम असं बसवलं होतं, फ्रेम कुठल्याही वळणावर सेकंदाला साठच्या खाली येत नव्हत्या. या उत्तमवाल्यानं एका रात्रीत ते उडवून सगळं उंचावर नेऊन ठेवलं आणि पहिल्याच वळणावर पंचेचाळीस. मला काय आवडतं ते कार्ड बनवणाऱ्याला माझ्यापेक्षा जास्त कळतं?

दोन वाजता मी हरलो आणि ओव्हरलेचं ते एकमेव मोठं बटण बंद केलं. सगळ्या गेमना, सरसकट. निदान पुढच्या शनिवारी बसूचं ऐकून घ्यायला लागणार नाही म्हणून.

आज रविवार. दुपारी ताई निपाणीहून आली, भाचा बरोबर. आठवीत आहे, आला की आधी माझ्या खुर्चीवर. शर्यतीचा गेम लावला. हे पोरगं गेले तीन महिने एका ट्रॅकच्या मागं लागलंय. शेवटच्या आधीचं डावं वळण त्याला कधी बसत नाही, दर वेळी मागचं चाक गवतात जातं. आज त्यानं ब्रेक जरा आधी दाबला, गाडी आतून काढली, चाक पांढऱ्या पट्टीवर राहिलं, आणि पोरानं श्वास रोखून अख्खी फेरी स्वच्छ पूर्ण केली. माझ्या वेळेपेक्षा चार दशांश सेकंदांनी कमी. खुर्चीवर उभा राहिला. मग वळून मला म्हणाला, "मामा, क्लिप ठेव की. पप्पांना दाखवतो."

मी शॉर्टकट दाबला. काहीच झालं नाही.