बाराशे रुपयांत आमचीच आळी

गेल्या रविवारी मी पैसे भरून स्वतःच्याच गावात फिरून आले. म्हणजे भरले भाचीने. "मावशी, तुला साडी नको असते, दागिना नको असतो, मग हे घे," म्हणत साठाव्या वाढदिवसाला तिने मोबाइलवर तिकीट पाठवलं. ठाण्याचा बहुसांस्कृतिक खाद्यवारसा, चालत. माणशी १२०० रुपये. सकाळी साडेसातला तलावपाळीवर जमायचं, पायात बूट हवेत, पाण्याची बाटली हवी, पोट रिकामं हवं. खारकर आळीतून तलावपाळीवर मी जन्मभर चपला घालूनच जात आलेय. त्या दिवशी भाचीच्या धाकाने बूट घातले आणि जांभळी नाक्यापर्यंत करंगळीला फोड आला.

आम्ही चौदा जण होतो. बरेचसे घोडबंदर रोडच्या टॉवरमधले, दोघं पवईचे, एक जोडपं थेट पुण्याहून आलेलं. गाइड सव्वीस-सत्तावीस वर्षांचा, गळ्यात छोटा माइक. मला सुरुवातीला मॅम म्हणाला, मी कुठे राहते ते कळल्यावर काकू.

आधी चांगलं सांगते, नाहीतर म्हाताऱ्यांना काहीच आवडत नाही असं म्हणाल. पोराने अभ्यास केला होता. कौपिनेश्वराच्या आवारात त्याने सांगितलं की मूळ देऊळ शिलाहारांच्या काळातलं आणि आत्ताचं सरसुभेदार रामाजी महादेव बिवलकरांनी १७६० मध्ये बांधून काढलेलं. दर सोमवारी जाणाऱ्या मला बिवलकर हे नाव नवीन होतं. लाज वाटली थोडी.

सगळ्यात झकास पाव तास गेला तो तलावाकाठच्या चर्चसमोर. आम्हाला तिथे उभं करून त्याने प्रत्येकाच्या हातात एकेक वडापाव दिला आणि म्हणाला, यातलं पोर्तुगीज काढून टाका. पाव गेला, शब्दासकट. बटाटा गेला, तोही शब्दासकट. मिरची गेली. उरलं काय? बेसन, लसूण आणि तेल. मराठी माणसाच्या अस्मितेची भजी. सगळे हसले, मीही हसले. चिमाजीअप्पांच्या मोहिमेत १७३७ साली ठाणं पोर्तुगीजांकडून मराठ्यांनी घेतलं, किल्ला घेतला, साष्टी घेतली, पण पाव काही परत पाठवला नाही, हे त्याचं वाक्य मी घरी येऊन नवऱ्याला ऐकवलं.

रेल्वेचं मात्र चुकलं. पहिली गाडी १६ एप्रिल १८५३ ला 'सीएसएमटीहून' ठाण्याला आली म्हणाला. बाळा, बोरीबंदरहून आली. आज आपण सेल्फी काढतो ती इमारत उभी राहायला त्यानंतर तीस-पस्तीस वर्षं लागली. चौदा डबे, चारशे पाहुणे, साहिब, सिंध आणि सुलतान अशी तीन इंजिनं हे सगळं पाठ होतं आणि निघाली कुठून तेच हुकलं. मी चारचौघांत काही बोलले नाही. नंतर हळूच सांगितलं, त्याने लगेच वहीत लिहून घेतलं.

तिथून टेंभी नाका. जैन मंदिर, अग्यारी, पलीकडे सिव्हिल हॉस्पिटलजवळ ज्यूंचं सिनेगॉग. महागिरीत त्याने नेलंच नाही, गल्ली अरुंद आहे, ग्रुप मावत नाही म्हणाला. लांबूनच "तिकडे मशीद आहे, कोकणी मुस्लिम राहतात" एवढं सांगून पुढे. अग्यारीत पारशांखेरीज कुणाला जाता येत नाही. सिनेगॉगमध्ये आधी परवानगी, ओळखपत्र, सगळे सोपस्कार. तेव्हा आम्ही समोरच्या फुटपाथवर रांगेत उभे. शार हाशामयिम, म्हणजे स्वर्गाचं द्वार, बांधलं १८७९ मध्ये. बेने इस्रायली, म्हणजे कोकणातल्या ज्यू लोकांची गलबतं अलिबागजवळ नवगावला फुटली, वाचले ते किनाऱ्यावर राहिले, तेल गाळायचा धंदा धरला, शनिवारी घाणा बंद ठेवायचे म्हणून लोक त्यांना शनिवार तेली म्हणायला लागले. बरोबर सांगत होता. पुण्याच्या बाईंनी विचारलं, "म्हणजे हे लोक मराठी समजू शकतात?"

समजू शकतात!

इथे माझं डोकं फिरलं आणि खरं म्हणजे ही पोस्ट तिथेच सुरू झाली.

आमच्या जुन्या घरात वरच्या मजल्यावर एक बेने इस्रायली आजी राहायच्या. नऊवारी नेसायच्या, डोक्यावर पदर. आडनाव आमच्यासारखंच 'कर' लागलेलं, कारण त्यांची आडनावंही अलिबाग-पेणकडच्या गावांवरूनच पडलेली. त्यांच्या सणांची हिब्रू नावं मला फार उशिरा, पुस्तकातून कळली. आजींच्या तोंडी होळीचा सण, खिरीचा सण, शिळा सण अशीच नावं. पुरिम म्हणजे त्यांची होळी, कारण साधारण त्याच दिवसांत येतो, आणि त्या दिवशी त्यांच्याकडेही पुरणपोळी. एलियाहू हनाबी या ज्यूंच्या संदेष्ट्याचा दिवस, त्याचं नाव काय, तर उरूस! ज्यू नबी, मुसलमानी शब्द, आणि प्रसादाला पोहे, ओलं खोबरं, गूळ, वर फळं. त्याला त्या मलिदा म्हणायच्या. दर्ग्यावरचा मलिदा वेगळा, तो पोळीचा चुरा, गूळ, तूप. आणि पेपरात येतो तो मलिदा तर अजूनच वेगळा, तो नक्की कशाचा करतात ते आपल्याला कधी कळत नाही.

माझा जीव अडकलाय तो बिरड्याच्या सणात. जेरुसलेमचं देऊळ पडलं त्याच्या शोकाचा उपास, जुलै-ऑगस्टात येतो. त्या दिवसांत मांस-मच्छी बंद, म्हणून वालाचं बिरडं, म्हणून सणाचं नाव बिरड्याचा. दोन हजार वर्षांपूर्वीचं दुःख आणि त्याला नाव आमच्या वालाचं. त्याच्याच आसपास आमच्याकडे श्रावण असायचा, म्हणजे आम्हा सीकेपी लोकांचीही मासळी बंद, म्हणजे आमच्याकडेही बिरडं. वाल रात्री भिजत घालायचे, सकाळी उपसून फडक्यात घट्ट बांधायचे, मोड आले की कोमट पाण्यात टाकून एकेक सोलायचा. हे काम एकट्या बाईने करायचं नसतंच. माझी आई आणि वरच्या आजी जिन्यात परात घेऊन बसायच्या. आईच्या बिरड्यात गूळ आणि आमसूल, आजींच्या बिरड्यात नारळाचं दूध. त्यावरून रोजचा वाद. नारळाच्या दुधामागचं कारण आजींनीच सांगितलं होतं. मांसाबरोबर दूधदुभतं चालत नाही, म्हणून त्यांच्या स्वयंपाकघरात नारळ सगळीकडे, अगदी नव्या वर्षाच्या हलव्यातही. तो हलवा गव्हाच्या चिकाचा. कुरडयांसाठी आपण काढतो तोच चीक.

आजींची मुलं सत्तरच्या दशकात इस्रायलला गेली, नंतर आजीही गेल्या. जाताना परात आईला देऊन गेल्या. माझ्याकडे आहे.

आता सांगा, हे फुटपाथवरून कसं दिसणार? माझं म्हणणं एवढंच आहे. हे वॉकवाले इतिहास दाखवतात इमारतीसमोर आणि खायला घालतात दुकानात. मग असं वाटतं की ठाण्यात पाच धर्मांची पाच देवळं एका ओळीत बांधली आणि सगळे मिळून वडापाव खातात. इमारती बघाव्यात तर प्रत्येकाची वेगळी, प्रत्येकाच्या दाराला वेगळं कुलूप. एकमेकांत काय कालवलं गेलं ते स्वयंपाकघरात, आणि तेही तिथीवर. बिरड्याला मेन्यूकार्ड नसतं, तारीख असते. सांदणं घ्या. आपण आंब्या-फणसाची करतो, कोकणी मुसलमानांकडे लग्नकार्यात होतात, आजीही करायच्या. ठाण्यात कुठल्या हॉटेलात हे सगळे प्रकार मिळतात सांगा, मी आत्ता निघते.

दुकानात काहीच नसतं असंही नाही हं. शेवटचा थांबा अर्थातच मामलेदार मिसळ. इंटरनेटवर वाचून आलेल्या पाहुण्याला आपण ही 'अस्सल मराठी चव' म्हणून खिलवतो. १९४६ साली मामलेदार कचेरीच्या आवारात कॅन्टीन सुरू करणारं कुटुंब मुर्डेश्वरांचं, आणि मुर्डेश्वर हे गाव उत्तर कन्नड जिल्ह्यातलं. गाइडला एवढा सुंदर धागा आयता मिळाला होता, पण त्याने तिखट, मध्यम, कमी तिखट एवढंच सांगितलं. पवईच्या दोघांनी शूरपणाने तिखट मागवली. पुढचं सांगत नाही.

साडेदहाला टाळ्या, ग्रुप फोटो, संपलं. मी विचारलं, "आणि कोळीवाडा?" तो म्हणाला, "काकू, तिकडे खायला काही नाही ना."

आता ठाणं म्हणजे मुळात खाडी. मार्को पोलोने लिहिलेलं ठाणं ते बंदर. देवळं, चर्च, किल्ला, जो आता तुरुंग आहे, हे सगळं नंतरचं, खाडीने आणलेलं. खाडीवरचे पहिले लोक कोळी. त्यांना वगळून बहुसांस्कृतिक ठाणं? मी रागारागाने रूळ ओलांडून (पुलावरून, काळजी नसावी) पूर्वेला चेंदणी कोळीवाड्यात गेले. पुण्याच्या बाई सोबत आल्या. म्हणाल्या, "मघाशी काहीतरी चुकीचं विचारलं का मी?" मग आमची वाटेत चांगली गट्टी जमली.

एका घराच्या ओट्यावर एक बाई बोंबील साफ करत बसल्या होत्या. खाडीतली निवटी मासळी मिळेल का विचारलं तर त्या माझ्याकडे बघतच राहिल्या. आता खाडीत जाणारे थोडे. साठच्या दशकापासून ठाणे-बेलापूर पट्ट्यात कारखाने आले, त्यांचं पाणी खाडीत, वर गाळ, वर आपल्या सगळ्यांची गटारं. बाजारात ससून डॉकची मासळी आणून विकायची, खाडीची फक्त चिंबोरी कधीमधी. याच खाडीला २०१५ मध्ये फ्लेमिंगो अभयारण्याचा आणि २०२२ मध्ये रामसरचा, म्हणजे जागतिक महत्त्वाच्या पाणथळ जागेचा, दर्जा मिळाला. मला फ्लेमिंगो आवडतात. पण गुलाबी पक्षी बघायला ऐरोलीहून बोटीचं तिकीट काढणारे आपण, ही खाडी ज्यांची त्यांच्या ताटात काय पडतं ते विचारत नाही. "इथं खायला काय मिळेल?" पुण्याच्या बाईंनी सरळच विचारलं. त्या म्हणाल्या, "इकत काय नाय मिलत. घरात हाय, या." आम्ही गेलो. तांदळाची भाकरी आणि सुकटीत वांगं. पैसे काढले तर असं बघितलं की पर्स बंद केली.

घरी येऊन मी त्या गाइडला चांगला लांबलचक मेसेज लिहिला. बोरीबंदर, महागिरी, कोळीवाडा, बिरडं, सगळं. शेवटी लिहिलं की दुकानात नाही, घरात न्या लोकांना.

बुधवारी त्याचा फोन. "काकू, एकदम पटलं! मार्चमध्ये पंधरा जणांचा ग्रुप आहे. तुमच्या घरी बिरडं ठेवूया का? आणि त्या कोळी मावशींकडे भाकरी. पर हेड तुम्ही काय घ्याल?"

पर हेड.

मी आधी चिडले. आजींनी वाटीभर बिरडं वर-खाली केलं त्याचा हिशोब कधी ठेवला नाही, त्या मावशींनी पैसे घेतले नाहीत, आणि हा मला रेट विचारतोय. भाची म्हणाली, "मावशी, बाराशे रुपयांतले पाचशे त्या कोळणीला गेले तर वाईट काय आहे? तू नुसती रागावतेस, ती दिवसभर बोंबील साफ करते." याला माझ्याकडे उत्तर नव्हतं. अजूनही नाही. घर दाखवायचं म्हणजे उद्या त्याचंही दुकान होणार, आणि नाही दाखवायचं तर ते माझ्याबरोबर आणि त्या परातीबरोबर जाणार.

शुक्रवारी मावशींना विचारायला पुन्हा चेंदणीला गेले. त्या आधी हसल्या, मग म्हणाल्या, "पंधरा? एकदम? भाकऱ्या थापायला तुमी येनार काय?"

पंधरा माणसांना दीड किलो तरी वाल लागतील. दीड किलो वाल एकटीने सोलायचे तर कंबर जाते. तेव्हा गाइडला कळवलंय की जेवायला येणाऱ्यांनी दोन तास आधी यायचं, बूट बाहेर काढायचे आणि परातीभोवती बसायचं. त्याचं उत्तर अजून आलेलं नाही. घरच्यापुरते पावशेर मात्र काल रात्री भिजत घातलेत.