नोव्हा पिलबीम: 'रिबेका' हुकल्यामुळे नव्हे

नमस्कार. ब्रिटिश अभिनेत्री नोव्हा पिलबीमवरच्या माझ्या लेखावर तुमचे तीन आक्षेप असे: दिग्दर्शक हिचकॉकच्या 'रिबेका'तली भूमिका हातची गेली तिथेच ती संपली, नवरा वारल्यावर तिने पडदा सोडला, हे माझं वाक्य चुकीचं आहे, आणि हिचकॉकच्याच 'यंग अँड इनोसंट'मधला ड्रमरचा गाजलेला शॉट म्हणजे नुसता झूम.

दुसरा आक्षेप मान्य. तिचा नवरा, दिग्दर्शक पेन टेनिसन, जुलै 1941 मध्ये, नौदलात असताना, विमान अपघातात गेला. पण ती 1948 पर्यंत काम करत होती: 'यलो कॅनरी' (1943), 'धिस मॅन इज माइन' (1946), 'ग्रीन फिंगर्स' (1947), शेवटी 'काउंटरब्लास्ट' आणि 'द थ्री वियर्ड सिस्टर्स'. लेखात दुरुस्ती केली आहे.

'रिबेका'चं मात्र पटत नाही. निर्माता सेल्झनिकला ती हवी होती, पाच वर्षांच्या कराराला तिचा एजंट बिचकला, हिचकॉकही फारसा राजी नव्हता, हे सगळं खरं. पण तो चित्रपट 1940 चा. घसरण त्याआधीच सुरू झाली होती. 'लिटल फ्रेंड' आणि 'द मॅन हू न्यू टू मच' (दोन्ही 1934), 'ट्यूडर रोझ' (1936), 'यंग अँड इनोसंट' (1937) हे चारही चित्रपट गोमाँ-ब्रिटिश स्टुडिओ आणि त्याच्याच गोतावळ्यातल्या गेन्सबरो स्टुडिओचे. चौदाव्या वर्षी पळवून नेलेली मुलगी, सोळाव्या वर्षी नऊ दिवसांची राणी लेडी जेन ग्रे: तिच्या वयाला बेतलेल्या भूमिका तिथे मिळत होत्या. 1937 मध्ये गोमाँने निर्मिती आवरती घेतली. 1938 कोरंच गेलं, आणि 1939 मध्ये ईलिंग स्टुडिओचा 'चीअर बॉइज चीअर' आला. दारूभट्ट्यांच्या चढाओढीवरची हलकीफुलकी कॉमेडी! पुढे 'यलो कॅनरी'त तर नायिका ॲना नीगल, आणि ही दुय्यम.

आता झूम. झूममध्ये कॅमेरा जागचा हलत नाही. चौकट फक्त आवळत जाते, पुढच्या-मागच्या वस्तूंचं आपसातलं अंतर तसंच राहतं. या शॉटमध्ये चौकटीच्या कडा बघा: नाचणारी जोडपी कॅमेऱ्याच्या बाजूंनी मागे सरकतात. म्हणजे कॅमेरा स्वतः पुढे जातोय. हिचकॉकच्याच सांगण्याप्रमाणे तो क्रेनवरून सुमारे 145 फुटांवरून ड्रमरच्या डोळ्यांपासून 4 इंचांवर येतो. खरी मेख फोकसची. शंभर फुटांवर कॅमेरा हातभर पुढे गेला तरी बिघडत नाही, शेवटच्या फुटात बोटभर चूक झाली की डोळे धूसर, आणि त्या फडफडणाऱ्या पापण्यांवरच तर खुनी ओळखायचाय.

एक विचारतो, तुम्ही पाहिलेल्या प्रतीत वाढदिवसाच्या पार्टीतली आंधळी कोशिंबीर आहे का? मावशीच्या डोळ्यांवर पट्टी, आणि तिच्या हाती न लागता नोव्हा आणि नायक या दोघांना निसटायचंय. नोव्हाची घालमेल तिथेच सगळ्यात छान दिसते. तो प्रसंग नसेल, तर ती अमेरिकेत 'द गर्ल वॉज यंग' नावाने लागलेली कापलेली प्रत. पूर्ण प्रत मिळवा, मग पुन्हा भांडू.